१९८२: केरी पाचव्यांदा का जिंकली नाही?

नागपूरहून आयर्लंडच्या ऑफली काउंटीतल्या (म्हणजे जिल्ह्यातल्या) टुलामोरला नोकरीनिमित्त आलेल्या एका तरुणाचा प्रश्न आहे. थोडक्यात असा: "इथे येऊन चार महिने झाले. ऑफिसात, सलूनमध्ये, कुठेही गेलं की लोक 'एटी-टू' एवढंच म्हणतात आणि पुढचं मला माहीत आहे असं धरून चालतात. शेवटी १९८२ च्या गेलिक फुटबॉल फायनलची क्लिप शोधून पाहिली. चार वर्षं सलग जिंकणारी केरी काउंटी शेवटच्या दोन मिनिटांतल्या एका गोलमुळे ऑफलीकडून हरली. पण गोल मारणाऱ्याने आधी बचावपटूला पाठीत ढकललं असं मला तरी दिसलं. मग हा पराक्रम, नशीब की चक्क फाउल?"

मी आयर्लंडमध्ये वीस वर्षांहून जास्त काळ आहे. त्यातली चौदा वर्षं गावच्या क्लबात पोरांना गेलिक फुटबॉल शिकवतोय. तो सामना झाला तेव्हा मी सोलापुरात पाटीवर बाराखडी गिरवत होतो, त्यामुळे डोळ्यांदेखत पाहिल्याचा आव आणत नाही. पण प्रशिक्षकांच्या शिबिरांत आणि क्लबातल्या पावसाळी संध्याकाळी ती सत्तर मिनिटं इतक्या वेळा पाहिली आहेत, की आता चेंडू कुठे जाणार हे मला खेळाडूंच्या आधी कळतं.

आधी मोजणी समजून घ्या, कारण सगळी गोष्ट तिच्यावर उभी आहे. प्रत्येक बाजूला १५ खेळाडू. गोलपोस्ट एच आकाराचे. चेंडू आडव्या दांड्याच्या वरून गेला तर तेव्हा एक पॉइंट (२०२५ पासून लांबून मारलेल्याला दोन), खालून जाळ्यात गेला तर गोल, आणि एक गोल म्हणजे तीन पॉइंट. गोलमागे पांढरे कोट घातलेले अंपायर असतात. पॉइंटला पांढरा झेंडा, गोलला हिरवा. स्कोअर दोन आकड्यांत लिहितात: १-१५ म्हणजे एक गोल, पंधरा पॉइंट, एकूण १८. चेंडू हातात घेऊन चार पावलं पळता येतं. मग तो जमिनीवर आपटायचा किंवा पायाच्या चवड्यावर टाकून परत हातात उडवायचा, त्याला सोलो म्हणतात. आणि या खेळात कुणालाही पगार नाही. डब्लिनच्या क्रोक पार्क मैदानावर साठ हजार लोकांपुढे रविवारी खेळलेला माणूस सोमवारी शाळेत शिकवायला किंवा गाई दोहायला जातो. तेव्हाही जायचा, आताही जातो.

आता १९ सप्टेंबर १९८२. मैदानात ६२,३०९ प्रेक्षक. केरीने १९७८ ते १९८१ असे चार सॅम मॅग्वायर कप, म्हणजे काउंट्यांच्या ऑल-आयर्लंड स्पर्धेचे करंडक, ओळीने नेले होते. सलग चार याआधीही झाले होते: वेक्सफर्डने १९१५ ते १९१८, खुद्द केरीने १९२९ ते १९३२. पाच कुणालाच जमले नव्हते. केरीत लोकांनी पाचव्याचे टी-शर्ट छापून ठेवले होते, गाणंही रेकॉर्ड झालं होतं. बारशाआधी पाळणा बांधू नये असं आपल्याकडच्या आज्या सांगतात. तिथल्याही सांगत असणार, पण ऐकतो कोण.

केरीचा संघ कसा होता याची कल्पना द्यायची तर चार फायनलमधली आघाडी बघा. १९७८ मध्ये डब्लिनला ५-११ विरुद्ध ०-९, म्हणजे १७ पॉइंटनी. १९७९ मध्ये पुन्हा डब्लिन, ११ पॉइंटनी. १९८० मध्ये रॉसकॉमनला तीनने. १९८१ मध्ये याच ऑफलीला १-१२ विरुद्ध ०-८, म्हणजे सातने. मधल्या फळीत जॅक ओ'शे, पुढे माइकी शीही, जॉन इगन आणि ज्याला सगळे 'बाँबर' म्हणत तो धिप्पाड ओअन लिस्टन, मागे पॉडी ओ शे आणि टिम केनेली. मॅनेजर मिक ओ'ड्वायर. पोरांना इतकं पळवायचा, की बाकीचे संघ दमायला लागले की केरी खेळायला सुरुवात करायची.

पण त्या चारपैकी तीन फायनल संपत आल्या तेव्हा निकालाची धाकधूक कुणालाच नव्हती. हे लक्षात ठेवा, पुढे उपयोगी पडेल.

ऑफली म्हणजे देशाचा मधला सपाट, दलदलीचा मुलूख. पीट, म्हणजे दलदलीतली जळाऊ माती, खणायचा, वाळवायचा आणि जाळायचा. तेव्हा लोकसंख्या साठ हजारांच्या आत, केरीच्या निम्मीसुद्धा नाही. १९७१ आणि १९७२ मध्ये दोन कप मिळाले होते, मग उतरती कळा. १९७६ मध्ये संघ हाती घेतला यूजीन मॅकगीने. लाँगफर्ड काउंटीचा, पेशाने पत्रकार. तुटक बोलणारा, मैदानाकडेला कोटाची कॉलर वर करून उभा राहणारा माणूस. त्याने घाई केली नाही. १९८० मध्ये लेन्स्टर प्रांताच्या फायनलमध्ये डब्लिनची सहा वर्षांची मक्तेदारी मोडली. त्याच वर्षी उपांत्य सामन्यात केरीकडून ४-१५ विरुद्ध ४-१० असे हरले, पण मॅट कॉनर नावाच्या पोराने त्या दिवशी एकट्याने २-९ केले. १९८१ मध्ये फायनल गाठून हरले. १९८२ मध्ये उपांत्य फेरीत गॉलवेला जेमतेम एका पॉइंटने मागे टाकलं. म्हणजे तीन वर्षं ऑफली केरीपासून दर वेळी थोडं शिकत होती. केरीला ऑफलीकडून शिकायची गरजच कधी वाटली नाही.

या संघाची मला सगळ्यात आवडणारी गोष्ट म्हणजे त्यातली भावकी. मॅट आणि कॅप्टन रिची कॉनर सख्खे भाऊ. लियम आणि टॉमस हे त्यांचे चुलतभाऊ, तेही एकमेकांचे सख्खे. चौघेही वॉल्श आयलंड नावाच्या एका खेड्यातले. नाव बेटाचं असलं तरी समुद्र तिथून लांब, सभोवती पीटची दलदल. शिवाय शॉन, मिक आणि ब्रेंडन हे तीन लाउरी भाऊ. (ब्रेंडनचा मुलगा शेन लाउरी, २०१९ ची ब्रिटिश ओपन जिंकणारा गोल्फर. टुलामोरमध्ये हे नाव तुमच्या कानावर आलंच असेल.) गावकीच्या कबड्डी संघात एका आडनावाचे चार जण असले की पास देताना हाक मारावी लागत नाही. तसलाच हा प्रकार.

पूर्वार्ध दोन्ही बाजूंनी मोकळा, देखणा झाला. विंगवरून लियम करम्सने पळत जाऊन मारलेला पॉइंट जरूर बघा. हा पठ्ठ्या आदल्या वर्षी ऑफलीच्या हर्लिंग (काठी-चेंडूचा आयरिश खेळ) संघातूनही ऑल-आयर्लंड जिंकला होता. मध्यंतराला ऑफली ०-१० विरुद्ध ०-९ अशी पुढे. उत्तरार्धात पाऊस आला, चेंडू साबणासारखा झाला आणि केरीने हळूहळू गळा आवळायला घेतला. त्यांना पेनल्टीही मिळाली.

माझ्या मते सामन्याचा पहिला सांधा इथे बदलतो. क्लिप दोन मिनिटांची असल्यामुळे तिच्यात हे येत नाही. पेनल्टी घ्यायला माइकी शीही. हा तोच, ज्याने १९७८ च्या फायनलमध्ये डब्लिनचा गोलकीपर पंचाशी हुज्जत घालत असताना त्याच्या डोक्यावरून फ्री-किक अलगद जाळ्यात टाकली होती. समोर ऑफलीचा गोलकीपर मार्टिन फरलाँग, १९७१ आणि १९७२ च्या संघातला जुना खोड. शीहीने मारला, फरलाँगने अडवला. तो गोल झाला असता तर पुढच्या कुठल्याच गोष्टीला अर्थ उरला नसता.

आता एक हिशोब करा. १९७८ च्या फायनलमध्ये केरीचे पाच गोल, १९७९ मध्ये तीन, १९८० मध्ये एक, १९८१ मध्ये एक. १९८२ मध्ये शून्य. पाच फायनलमध्ये पहिल्यांदाच केरीला हिरवा झेंडा दिसला नाही. १७ पॉइंट काढले, पण सगळे एकेकाने. ऑफलीच्या बचावाने ठरवलं होतं की पॉइंट गेले तर जाऊ द्या, जाळ्यात काही जाऊ द्यायचं नाही. मी पोरांना हा सामना दाखवतो तो शेवटच्या गोलसाठी कमी आणि यासाठी जास्त. एकेकाने मिळवलेली आघाडी कधीच पुरेशी रुंद होत नाही. चार पॉइंटनी पुढे असलात तरी समोरच्याला एक गोल आणि एक पॉइंट, बस.

आणि नेमकी तेवढीच आघाडी होती. शेवटची काही मिनिटं उरली तेव्हा ०-१७ विरुद्ध ०-१३. केरी चारने पुढे. इथून पुढची टेप मी नेहमी आवाज बंद करून बघतो. कॉमेंटरी ऐकत राहिलात तर नजर चेंडूवरच खिळते, आणि बघायचं असतं ते चेंडूपासून लांब. केरीचे पुढचे खेळाडू मागे सरकताना दिसतात. कुणी 'मागे या' म्हटलं असेल असं नाही. जिंकत आलेल्या माणसाचे पाय आपोआप स्वतःच्या गोलकडे वळतात. पुढचे मागे आले की समोरचे बचावपटू मोकळे होतात. त्यांच्यावर कुणी धावून येत नाही, डोकं वर करून बघायला वेळ मिळतो. मागे गर्दी झाली की टॅकल उशिरा होतात, उशिरा झालेल्या टॅकलला शिट्टी वाजते, आणि समोर मॅट कॉनर असेल तर शिट्टी म्हणजे पॉइंट. एक फ्री, एक पॉइंट. दुसरी फ्री, दुसरा पॉइंट. ०-१७ विरुद्ध ०-१५.

हे मी अधिकारवाणीने सांगतो, कारण हीच चूक मी स्वतः केली आहे. चौदा वर्षांखालच्या पोरांची काउंटीतली एक फायनल होती. आम्ही दोनने पुढे, पाच मिनिटं बाकी. मी कडेला उभा राहून दोन्ही हातांनी खुणा करत ओरडलो, "सगळे मागे!" पोरं गुणी, सगळी मागे आली. समोरच्या संघाचा एक उंच मुलगा, ज्याला तासभर आम्ही सुखाने चेंडू घेऊ दिला नव्हता, त्याला मध्यावर एकदम मोकळं मैदान मिळालं. त्याने दोन पावलं टाकली, सोलो केला, वर बघितलं आणि चेंडू आमच्या गोलसमोर उंच टाकला. तिथे आमची नऊ पोरं आणि त्यांची तीन. नऊजण एकमेकांत अडकले, चेंडू कुणाच्या तरी गुडघ्याला लागून आत गेला. परतीच्या वाटेवर गाडीत आमचा गोलकीपर म्हणाला, "मला काही दिसतच नव्हतं हो." त्याला दिसू नये याची सोय मीच केली होती.

आता तुमच्या प्रश्नातला गोल.

मॅकगीने बदली खेळाडू म्हणून शेमस डार्बीला उतरवलं. काही वर्षं संघाबाहेर होता, त्या मोसमात परत बोलावलेला. प्रशिक्षक म्हणून मला यातलं धाडस दिसतं. दोन-तीन पॉइंटनी मागे असताना बहुतेक मॅनेजर पळणारा ताजा गडी आणतात, मधल्या फळीत चेंडू मिळवायला. मॅकगीने गोलच्या तोंडाशी थांबणारा फिनिशर आणला. त्याला एक-एक पॉइंट जमवायचा नव्हता, तीन एकदम हवे होते. दोनने मागे असताना गोल झाला तर बरोबरी होत नाही, एकने पुढे जाता. हे गणित सगळ्यांना येतं. त्याप्रमाणे माणूस निवडायला मात्र छाती लागते, कारण तो गोल झाला नाही तर दुसऱ्या दिवशी पेपरात तुमचंच नाव.

मिनिटं दोनच्या आसपास उरलेली. ऑफलीचा फुल-बॅक (गोलसमोरचा मधला बचावपटू) लियम कॉनर, म्हणजे त्या भावकीतला, चेंडू घेऊन वर आलेला. फुल-बॅक इतका पुढे येतोच कसा? त्याला अडवणारा फॉरवर्ड मागे गेला होता म्हणून. त्याने लांब, उंच, लोंबता चेंडू टाकला. असा चेंडू बचावपटूला सगळ्यात नकोसा. सरळ आला तर पुढे होऊन अडवता येतो, उंच आणि संथ आला की त्याच्याखाली थांबावं लागतं आणि पाठ उघडी पडते. टॉमी डॉयल त्याच्याखाली होता. डॉयल हाफ-बॅक, म्हणजे बचावाच्या पुढच्या फळीतला, चपळ, तडफदार, पण गोलसमोरच्या लोंबत्या चेंडूंवर वाढलेला नाही. केरीचा कॉर्नर-बॅक (गोलजवळचा कडेचा बचावपटू) जिमी डीनिहन, १९८१ चा कॅप्टन, त्याच उन्हाळ्यात सरावात पाय मोडून बसला होता. तो असता तर, असं केरीचे लोक अजून म्हणतात. म्हणू दे.

डॉयल उडी घेतो आणि चेंडू त्याच्या बोटांना चुकवून मागे जातो. मागे डार्बी. ओला चेंडू तो छातीशी न घेता वर हातांत घेतो. पोरांना आम्ही हेच शिकवतो, अंगठे जवळ आणि बोटं पसरलेली, कारण छातीवर घेतला की एक क्षण जातो. त्याने तो क्षण वाचवला. वळला आणि एका दमात मारला. केरीचा गोलकीपर चार्ली नेलिगन पुढे आला होता, चेंडू त्याच्या वरून जाळ्याच्या वरच्या भागात. हिरवा झेंडा. १-१५ विरुद्ध ०-१७. म्हणजे १८ विरुद्ध १७.

ढकललं का? हात पाठीला लागलेला दिसतो. जोर किती होता ते कॅमेरा सांगत नाही. पंच मेयो काउंटीचे पी. जे. मॅकग्रा, त्यांनी शिट्टी वाजवली नाही. मी क्लब पातळीवर पंचगिरीही केली आहे, त्यामुळे माझं मत सांगतो. फाउलचा विचार करण्याजोगा तो स्पर्श होता, आणि सामन्याच्या सुरुवातीला, मैदानाच्या मध्यावर, कोरड्या दिवशी दहापैकी पाच पंचांनी तो दिला असता. पावसात, डॉयल हवेत असताना, ६२ हजारांच्या कल्लोळात, जेव्हा त्याचा चेंडूचा अंदाजही थोडा चुकलेला दिसतो, तेव्हा न देणं चूक ठरत नाही. गेलिकमध्ये खांद्याला खांदा भिडवायला मुभा आहे, पाठीत हात घालायला नाही, आणि हवेत फिरणाऱ्या शरीरात या दोन्हींतली सीमा वीतभर असते. केरीच्या माणसाशी हा वाद घालू नका. ऑफलीच्या माणसाशी तर मुळीच नको, विशेषतः तुमचं घर टुलामोरमध्ये आहे म्हणून.

त्या स्पर्शावर निकाल ठेवणं मला पटत नाही ते यासाठी, की गोलनंतरही सामना संपलेला नव्हता. केरी फक्त एकने मागे होती. वर चेंडू नेला. एक पॉइंट काढला की बरोबरी आणि पुन्हा सामना. एवढे मोठे खेळाडू, एकेका पॉइंटचे बादशहा, पण घाई झाली. १९८० सोडला तर गेल्या चार वर्षांत फायनलच्या शेवटच्या मिनिटात त्यांना पॉइंटसाठी धावावंच लागलं नव्हतं. मघाशी लक्षात ठेवायला सांगितलं होतं ते हेच. ऑफली मात्र दोन-तीन वर्षं तशाच मिनिटांत जगत आली होती. गॉलवेचा सामना एका पॉइंटने जिंकला होता.

पुढचं थोडक्यात. १९८३ मध्ये मन्स्टर प्रांताच्या फायनलला कॉर्कच्या टॅडी मर्फीने पुन्हा अगदी शेवटी गोल मारून केरीला बाहेर काढलं. मग ओ'ड्वायरने संघ परत बांधला आणि १९८४, ८५, ८६ असे तीन कप ओळीने घेतले. म्हणजे ते संपले वगैरे काही नव्हते. सलग पाच अखेर डब्लिनने केले, २०१९ मध्ये, आणि समोर होती केरीच. पहिला सामना १-१६ असा बरोबरीत सुटला, दुसरा डब्लिनने १-१८ विरुद्ध ०-१५ असा घेतला. पुढच्या वर्षी सहावाही घेतला.

ऑफली त्यानंतर ऑल-आयर्लंड फुटबॉलच्या फायनलला आजवर पोहोचलेली नाही. मॅट कॉनरचा १९८४ च्या नाताळच्या दिवशी गाडीचा अपघात झाला आणि तो व्हीलचेअरवर आला. तेव्हा तो ऐन पंचविशीत होता. त्याच्या फ्री-किक तुम्ही बघितल्या नसतील तर डार्बीचा गोल बाजूला ठेवून आधी त्या बघा. चेंडू खाली ठेवायचा, मागे जायचं, पाय सैल, डोकं खाली, आणि चेंडू कुठे गेला हे बघायची घाई नाही. आमच्या क्लबातली एक मुलगी, मराठी आईबापांची, अकरा वर्षांची, हल्ली तशीच मारते. तिला कॉनर कोण ते माहीत नव्हतं. मी क्लिप दाखवली तर म्हणाली, "हा माझ्यासारखा मारतो."